उकड्या तांदळाची पेज मिळून का येत नाही?

तुमचा प्रश्न सकाळीच वाचला होता, पण खाणावळ आवरल्याशिवाय मला बसायला मिळत नाही, म्हणून उत्तराला दुपार झाली.

तुम्ही लिहिलंय ते असं. आजी सावंतवाडीकडची, लहानपणी सुट्टीत तिच्या हातची उकड्या तांदळाची पेज खाल्लेली. आता पुण्यात फ्लॅटवर एकटे राहता. दुकानातून उकडा तांदूळ आणला, कुकरमध्ये एकास पाच पाणी घालून चार शिट्या केल्या, तर शितं तळाशी बसली आणि वर पांढुरकं पाणी तरंगलं. पुढच्या वेळी घरातला साधा तांदूळ घेऊन दहा शिट्या केल्या, तर त्याची कपड्याला घालायची खळ झाली. आता विचारताय की पाण्याचं नेमकं प्रमाण काय. आणि शेवटी एक ओळ आहे, की आजी पेजेबरोबर काहीतरी खारट-आंबट द्यायची, ते काय असेल?

कुडाळजवळ रस्त्याकडेला आमची छोटी खाणावळ आहे. २६ वर्षं झाली, रोज सकाळी साडेनऊ ते बारा आम्ही पेज वाढतो. शेतावरून आलेले गडी, ट्रकवाले, शाळेतले मास्तर, कोर्टाच्या कामाला निघालेली म्हातारी माणसं अशी सगळी येतात. त्याआधी सासरी मोठ्या घराची पेज मीच करायची. त्यामुळे जे सांगते ते रोज करून हातात बसलेलं आहे.

आधी एक सांगते. प्रमाण विचारलंत ते बरोबर, पण तुमची अडचण प्रमाणाची नाही. एकास पाच पाण्यातही पेज मिळून येते आणि एकास बारा पाण्यातही येते, एक घट्ट होईल आणि एक पातळ, एवढाच फरक. तुमची पेज मिळूनच आली नाही. शीत शिजलं, पाणी कोरं राहिलं. भात करताना आपलं सगळं लक्ष शितावर असतं, पाणी आटून जायचंच असतं. पेजेत पाणी आटून जायचं नसतं, तेही शिजायला हवं. तांदळातला पिठूळपणा हळूहळू सुटून पाण्यात उतरतो, पाण्याला अंग येतं आणि मग ते शिताला धरून राहतं. याला वेळ लागतो आणि पाणी हलतं राहावं लागतं. तुमच्या चार शिट्यांत यातलं काहीच झालं नाही.

लग्न होऊन आल्यावर पहिल्याच आठवड्यात मी अशीच पेज केली होती. सासूबाईंनी डवलीने, म्हणजे आमच्याकडच्या पळीने, थोडी पेज ताटलीत ओतली आणि ताटली जराशी तिरपी केली. पाणी धावत कडेला गेलं आणि शितं जागच्या जागी बसून राहिली. त्या म्हणाल्या, "ही पेज न्हय गो, हो पाण्यात पडलेलो भात." टोप परत चुलीवर चढला. अर्ध्या तासाने पुन्हा ताटली तिरपी केली, तेव्हा पाणी आणि शितं एकत्र, सावकाश सरकली. कडेला पाण्याची वेगळी रेघ दिसली नाही. हीच परीक्षा मी आजही रोज करते आणि तुम्हीही घड्याळाऐवजी हीच करा. घड्याळ तांदळाप्रमाणे बदलतं, ताटली बदलत नाही.

आता कशावर काय अवलंबून आहे ते बघू, कारण कोणी एकच आकडा दिला तर तो तुमच्या घरी चुकणारच.

सगळ्यात जास्त तांदळावर अवलंबून आहे. आमच्याकडे तांदळाचे दोन प्रकार मानतात, उकडा आणि सुरय. सुरय म्हणजे भात वाळवून सरळ गिरणीत भरडलेला, तुमच्या घरातला साधा तांदूळ तोच. उकड्यासाठी भात, म्हणजे सालासकटचा दाणा, आधी पाण्यात भिजवतात, मोठ्या भांड्यात गरम करतात, बहुतेक घरांत रात्रभर तसाच ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी साल जरा उकलेपर्यंत वाफवतात. मग खळ्यात उन्हात वाळवून गिरणीत नेतात. आमच्या खळ्यात अजूनही भात असाच दोनदा उकडतात. त्या दिवशी घरभर एक उबदार, मातकट वास भरून राहतो. उकड्या तांदळाच्या पेजेला जो वास असतो ना, तो तिथून येतो.

तुमच्या दृष्टीने महत्त्वाचं म्हणजे हा दाणा सालात असतानाच एकदा शिजून परत कडक झालेला असतो. त्यातल्या बारीक भेगा बुजतात, म्हणून गिरणीत तो कमी तुटतो. आणि म्हणूनच दुसऱ्यांदा शिजवताना तो आपलं पीठ सहजासहजी सोडत नाही. सुरय तांदूळ २०-२५ मिनिटांत पीठ सोडायला लागतो. उकडा तासाभरानेही अंग धरून असतो. तुमच्या पहिल्या पेजेचं पाणी कोरं का राहिलं आणि दुसरीची खळ का झाली, या दोन्हींचं उत्तर यातच आहे. एका तांदळाला वेळ कमी पडला, दुसऱ्याला जास्त झाला.

याच उकडण्यात कोंड्यातली काही जीवनसत्त्वं, मुख्यतः ब वर्गातली, पाण्याबरोबर दाण्याच्या आत जातात. म्हणून तांदूळ भरडल्यावरही ती बरीचशी टिकतात. पांढऱ्या पॉलिशच्या तांदळात ती कोंड्याबरोबर निघून जातात. दिवसभर चिखलात लावणी करणाऱ्या माणसाला सकाळची पेज दुपारपर्यंत पुरायची, त्यात या तांदळाचाही वाटा असणार असं मला वाटतं.

पुण्यात उकडा म्हणून जे मिळतं त्यातही दोन तऱ्हा आहेत. एक इडलीचा जाड, पांढरा तांदूळ. तोही उकडलेलाच असतो, पण घासून गुळगुळीत केलेला. त्याची पेज होते, चांगली मिळूनही येते, पण तिला ना तो रंग ना तो वास. दुसरा आपल्याकडचा, दाण्यावर तांबूस रेघा असलेला. कोकणी माल विकणाऱ्या दुकानात "पेजेचा तांदूळ" असं सांगून मागा. सिंधुदुर्गात वालय नावाचा लाल तांदूळ पेजेसाठी मुद्दाम ठेवतात, गोव्याकडे ज्योतीचा उकडा जास्त चालतो. आजीची आठवण हवी असेल तर तांबड्या रेघांचाच घ्या. घेताना मूठभर हातात घेऊन वास घ्या. मातकट, गोडसर वास ठीक. आंबूस, कुबट वास आला तर भात भिजत जास्त दिवस राहिलेला असतो. तो वास कितीही धुतलं तरी पेजेत उतरतो.

नवा तांदूळ की जुना, हेही बघावं लागतं. हे मी महागात पडून शिकले. खाणावळीच्या दुसऱ्या वर्षी दिवाळीनंतर कापणीचं नवं भात आलं, आम्ही लगेच उकडून भरडून घेतलं. मी नेहमीच्या मापानेच पाणी घातलं. साडेनऊला पेज झकास होती. साडेदहाला टोपात डवली उभी राहायला लागली. समोर १५ माणसं बसलेली, मी घाबरून हंड्यातलं गार पाणी तांब्याभर ओतलं आणि ढवळून वाढलं. घट्ट गोळे तसेच, भोवती पाणी. कोणी बोललं नाही, पण त्या दिवशी अर्ध्या वाट्या तशाच परत आल्या. नवा तांदूळ पाण्याला लवकर अंग देतो आणि पेज थंडावताना फार घट्ट होते. जुना तांदूळ पाणी जास्त पितो आणि पीठ उशिरा सोडतो. तेव्हापासून नव्या पोत्याची पहिली पेज मी एका वाटीची करून बघते, मग टोपाचं माप ठरवते. आणि गार पाणी पेजेत त्या दिवसानंतर कधी पडलं नाही.

आता प्रत्यक्ष करायचं कसं. एका माणसाला दोन वेळा पुरेल असं माप सांगते. माझी वाटी सपाट भरली की तांदूळ साधारण १२५ ग्रॅम आणि पाणी १५० मिली मावतं. तुमची वाटी मोठी असली तरी चालेल, तांदूळ आणि पाणी एकाच वाटीने मोजा म्हणजे झालं. एक वाटी उकड्या तांदळाला दहा वाट्या पाणी, म्हणजे दीड लिटर. पातेलं किमान साडेतीन लिटरचं आणि जाड बुडाचं हवं. अर्ध्यापेक्षा जास्त भरलं तर पेज उतू जाणार हे नक्की.

तांदूळ रात्री धुऊन भिजत घाला. दोन-तीन पाण्यांनी धुतला की पुरे, पाणी नितळ होईपर्यंत चोळत बसू नका. सकाळी भिजलेल्या तांदळातले पाव भाग तांदूळ बाजूला काढा आणि मिक्सरला अगदी एक-दोन झटके द्या, दाण्याचे दोन-तीन तुकडे व्हावेत इतकेच. हे आजी करत नसणार. तिच्याकडे घरी भरडलेला तांदूळ असायचा, त्यात कण्या आपसूकच असायच्या. दुकानातला तांदूळ चाळून, निवडून येतो, त्यात कणी नसते. पेजेच्या पाण्याला अंग देण्याचं निम्मं काम त्या कण्या करायच्या. पुण्या-मुंबईच्या कितीतरी पोरींना मी एवढं एकच सांगितलंय आणि त्यांची पेज सुधारली आहे.

पाण्याचं आधण ठेवा. खळखळ उकळी आली की तांदूळ आणि कण्या वैरा आणि लगेच तळापासून एकदा ढवळा, नाहीतर कण्या बुडाला चिकटून बसतात. पहिली दहा मिनिटं आच मोठीच ठेवा आणि झाकण ठेवू नका. फेस चढेल. तो काढून टाकायची गरज नाही, डवलीने मोडा, परत आत जाऊ द्या. फेस बसला की आच मंद करा आणि झाकण तिरपं, बोटभर फट राहील असं ठेवा. पूर्ण झाकलंत तर उतू जाईल, उघडं ठेवलंत तर पाणी भराभर आटेल.

इथून पुढे पातेल्याकडे कान द्यायचा. सुरुवातीला पाण्याचा खळखळ असा मोकळा, पातळ आवाज असतो. अर्ध्या तासाने तो जरा दबतो. ४५ मिनिटांच्या आसपास आवाज बदलून बुदबुद, बुदबुद असा जड होतो आणि बुडबुडा फुटायला वेळ घेतो. पाण्याला अंग येतंय याची ही खूण. पहाटे मी दुसऱ्या चुलीवर उसळ परतत असते, पेजेकडे पाठ असते, पण आवाज बदलला की हात आपोआप डवलीकडे जातो. मधे दर सात-आठ मिनिटांनी तळ खरवडून ढवळा. ढवळताना डवलीच्या पाठीने थोडी शितं पातेल्याच्या कडेला दाबून मोडा, फार नाही, चार-पाच वेळा.

मग शीत बघा. एक शीत काढून अंगठा आणि तर्जनीत दाबा. मधे खडीसाखरेसारखा कडक ठिपका लागला तर कणी आहे, अजून दहा मिनिटं. पूर्ण दबलं पण लगदा न होता आकार दिसत राहिला, तर शीत झालं. आता ताटली तिरपी करून पाणी बघा. बहुतेक वेळा शीत आधी होतं आणि पाणी नंतर. सगळे चुकतात ते इथेच. शीत मऊ लागलं की गॅस बंद करतात. त्यानंतरची १०-१५ मिनिटंच पेजेची असतात. रात्रभर भिजलेल्या उकड्याला माझ्याकडे एकूण ५० मिनिटं ते तास लागतो. न भिजवलेल्याला दीड तासही लागू शकतो.

आटून घट्ट वाटली तर पाणी घालायला हरकत नाही, पण उकळतं घाला आणि घातल्यावर पेजेला पुन्हा दोन-तीन मिनिटं चांगली उकळी येऊ द्या. शेजारच्या शेगडीवर छोट्या भांड्यात पाणी गरम ठेवायची सवयच लावून घ्या. आणि खाताना जेवढी घट्ट हवी त्याहून जरा पातळ असतानाच गॅस बंद करा. झाकून दहा मिनिटं ठेवल्यावर ती आणखी आळते. वर पातळशी साय धरते, ती मोडून घ्या.

मीठ सगळ्यात शेवटी, गॅस बंद केल्यावर. पेज किती आटणार हे आधी नक्की सांगता येत नाही, सुरुवातीला घातलेलं मीठ आटल्यावर डोक्यात जातं. शिवाय पेजेबरोबर जे खाणार ते बहुतेक खारटच असतं. एका वाटी तांदळाच्या पेजेला मी अर्धा चमचा मीठ घालते, बाकीचं ज्याचं त्याने वरून घ्यावं. काही घरांत शेवटी मूठभर ओलं खोबरं घालतात, तेही छान लागतं. फोडणी, हळद, आलं-लसूण मात्र पेजेत घालू नका. त्याचे दुसरे चांगले पदार्थ होतात, पण मग तांदळाचा वास कुठेच राहत नाही, आणि तुम्ही शोधताय तो वासच.

आता कुकर. सकाळी नोकरीला जाणाऱ्याने तासभर शेगडीजवळ उभं राहावं असं मी म्हणणार नाही. कुकर वापरा, पण त्याचं काम अर्धंच आहे हे धरून चाला. बंद कुकरात उष्णता उघड्या पातेल्यापेक्षा जास्त असते, त्यामुळे शीत आतपर्यंत लवकर मऊ होतं. पण आत दाब असल्यामुळे पाणी उघड्या भांड्यासारखं खळखळत नाही, बरंचसं स्थिर राहतं. शितातलं पीठ सुटून पाण्यात घुसळलं जात नाही. म्हणून तुम्हाला खाली शितं आणि वर पाणी असं मिळालं. शिट्या वाढवल्यात तर शितं फुटून लगदा होईल, पण पेज होईलच असं नाही.

तर भिजलेला तांदूळ आणि कण्या, एकास सहा पाणी, कुकर एक तृतीयांशपेक्षा जास्त न भरता. पेजेचा फेस शिट्टीच्या भोकात जाऊन अडकतो, म्हणून हे माप पाळाच, आणि आधी शिट्टी व झडप साफ आहे ना ते बघा. चार-पाच शिट्या, मग मंद आचेवर दहा मिनिटं. वाफ आपोआप जिरू द्या. घाईने शिट्टी उचललीत तर गरम पिठूळ पाणी उसळून हातावर येतं. कुकर उघडल्यावर उरलेलं चार वाट्या उकळतं पाणी घाला, शितं थोडी मोडा आणि उघड्यावर १५ मिनिटं ढवळत उकळा. ही १५ मिनिटं टाळू नका.

इथवरचं एकदा सांगते, म्हणजे उद्या सकाळी घोळ नको. रात्रभर भिजवणं, पाव भाग कण्या, एकास दहा पाणी, आधणात वैरणं, आवाज जड होईपर्यंत मंद आच, शीत झाल्यावरही १०-१५ मिनिटं, ताटलीची परीक्षा, मीठ शेवटी, वरून पाणी लागलं तर उकळतंच.

साध्या सुरय तांदळाचीच करायची वेळ आली तर एकास आठ पाणी, भिजवणं अर्धा तास पुरे, कण्या करायच्या नाहीत, आणि उघड्या पातेल्यात २५-३० मिनिटांत उतरवायची. त्यात शीत फुटू न देणं हीच काळजी, म्हणून ढवळायचं कमी. नुसत्या कण्यांची पेज १५ मिनिटांत होते, पण ती सोडून जाता येत नाही, लगेच बुडाला लागते.

देशावरच्या मैत्रिणी मला विचारतात, की आमचा गुरगुट्या भात किंवा मऊभात म्हणजे पेजच ना? नाही. मऊभातात पाणी शितात मुरून जातं, चमच्याने उचलला तर तो ढीग धरतो. वर तूप-मेतकूट घातलं की तो स्वतःच्या जागी फार सुंदर असतो. पेज वाटीतून ओठाला लावून पिता आली पाहिजे आणि शितं चावताही आली पाहिजेत. म्हणून आमच्याकडे माणूस पेज "जेवतो" असंच म्हणतात. पेज हा शब्द संस्कृतातल्या "पेया"वरून आला. वैद्यकाच्या जुन्या ग्रंथांत नुसतं वरचं पाणी तो मंड, पातळ ती पेया आणि घट्ट ती विलेपी, असे प्रकार सांगितलेले आहेत. म्हणजे पाणी किती याने पदार्थाचं नाव बदलतं, हे लोकांना फार पूर्वीपासून माहीत होतं.

तुम्ही विचारलेलं नाही, पण एकटे राहता म्हणून सांगते. ताप येऊन गेला, तोंडाला चव नाही, अशा वेळी वरची निवळ मीठ घालून घोट घोट घेतली की बरं वाटतं. जुलाब होत असतील तरीही घेता येते, पण ती क्षारसंजीवनीच्या जागी नाही. पाकीट आणून नीट मापाने पाण्यात करून घ्या, आणि थांबत नसेल, चक्कर येत असेल तर डॉक्टरकडे जा. आणि घरात कोणाला साखरेचा त्रास असेल तर पेज हलकी म्हणून भरपूर चालते असं समजू नका. इतका मऊ शिजलेला तांदूळ लवकर पचतो आणि रक्तातली साखर भराभर वाढते. अर्धी वाटी पेज आणि बरोबर वाटीभर उसळ, असं मी आमच्या नेहमीच्या दोन-तीन म्हाताऱ्यांना वाढते.

उरलेल्या पेजेचं काय? आमच्या चुलीत निखारे असतात, पेज बारापर्यंत कढत राहते. तुमच्या ओट्यावर ती तासाभरात कोमट होईल, आणि कोमट पेज दिवसभर बाहेर राहणं वाईट. शिजलेल्या तांदळात असे जंतू वाढतात की ते पोट बिघडवतात आणि त्यांचं विष नंतर उकळूनही पुरतं जात नाही. म्हणून दोन तासांच्या आत पसरट भांड्यात ओतून, निववून फ्रिजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी संपवा. सकाळी ती दह्यासारखी थिजलेली दिसेल. घाबरू नका, उकळतं पाणी घालून पूर्ण उकळी येऊ द्या, परत मिळून येते.

आता तोंडी लावणं. खरं सांगायचं तर पेज स्वतः फार काही बोलत नाही, बरोबरचा पदार्थ तिला बोलकं करतो. आमच्याकडे काळ्या वाटाण्याची किंवा चवळीची उसळ, फणसाच्या दिवसांत कुयरीची (कोवळ्या फणसाची) भाजी, भाजलेला सुका बांगडा, सुकटीची चटणी, पापड. गोव्याकडे रात्रीची माशाची कढी सकाळी आटवून घट्ट करतात आणि तिच्याबरोबर पेज घेतात. पुण्यात एकट्याला रोज सहज जमेल असं म्हणजे भाजलेला उडदाचा पापड आणि कोरडी खोबऱ्याची चटणी. दही-मिरचीही चालते.

पण तुमच्या आजीचं ते "खारट-आंबट" वाचल्याबरोबर मला वाटलं, तो खारातला आंबा असणार. चैत्राच्या सुमारास झाडावरून हाताने काढलेल्या कोवळ्या कैऱ्या, खाली पडून मार लागलेल्या नव्हेत, धुऊन पुसून बरणीत खड्याच्या मिठाच्या थरात घालतात आणि वर धुतलेला दगड ठेवतात. मिठाने कैरीचं पाणी सुटतं आणि ती त्याच खारात बुडून राहते. महिना-दीड महिन्याने हिरवी कैरी मळकट, सुरकुतलेली होते. बरणी उघडली की येणारा वास ज्याला माहीत आहे त्याला लगेच ओळखू येतो. वाढताना एक कैरी पाण्यात जरा बुचकळून जास्तीचं मीठ काढायचं, हाताने कुस्करायची, त्यात भाजलेली सुकी मिरची चुरडायची आणि खोबरेल तेलाचे दोन थेंब. आजीच्या ताटात हिरवट-तपकिरी, बोटांनी चुरलेलं, मिरचीचे लाल तुकडे असलेलं काही होतं का, आठवून बघा. असेल तर हाच तो.

तयार खारातला आंबा कोकणी दुकानात विचारून बघा, पावसाळ्यात मिळण्याची शक्यता जास्त. तोवर एक तात्पुरता उपाय आहे. मंडईतून आंबट, कडक कैरी आणा, बोटाएवढ्या जाड फोडी करा, दोन चमचे खडेमीठ चोळून काचेच्या बरणीत रात्रभर झाकून ठेवा. रात्री तांदूळ भिजत घालाल तेव्हाच हेही करून टाका. सकाळी फोडी नरमतात, तळाशी खार सुटतो. मिरची भाजून त्यात चुरडा, खोबरेल घाला. महिनाभर मुरलेल्या आंब्याची खोली त्याला येणार नाही, पण गरम पेजेच्या घोटानंतर एक फोड तोंडात टाकलीत की आजीच्या ताटात हेच होतं की दुसरं काही, ते तुम्हाला तिथल्या तिथे कळेल. दुसरं काही निघालं तर त्याचा रंग आणि वास लिहून पाठवा, मी ओळखायचा प्रयत्न करते.